नंदूची मुंज

"पण अप्पा, तुम्हांला पत्र लिहायला सांगितलं होतं कुणी?" चिंतामणीनं वडिलांना तिसऱ्यांदा विचारलं. जानव्याचा पदर बोटाला गुंडाळत अप्पा खिडकीबाहेर बघत होते.

"पत्र लिहायला कुणी सांगावं लागत नाही," अप्पा म्हणाले. "पोस्टात कार्ड मिळतं."

"थट्टा नको आहे अप्पा."

"थट्टा मी करतो आहे का? मुलाला बारावं सरत आलं आणि अजून मुंज नाही. आईबापांना सुचत नसेल तर चार लोकांनी सांगायला नको?"

"कुठला मुलगा? कुठले आईबाप? ती आपली कालिंदी आहे! ही, ही इथे बसली आहे!"

शेगडीपाशी पोळ्या लाटत बसलेल्या कालिंदीनं मान वर केली नाही. लेक ललिता उठली आणि तिनं दार लोटून घेतलं. रविवारची सकाळ होती, गॅलरीत दात घासणाऱ्यांची गर्दी होती, आणि खांबेट्यांच्या घरातली ही एकच गोष्ट अशी होती की जी गिरगावातल्या त्या चाळीला सात वर्षांत कळलेली नव्हती.

कालिंदी खांबेटे त्रेचाळीस वर्षांची होती आणि गेली सात वर्षं ती सात-आठ वर्षांचा मुलगा होती. रेडिओवर दुपारी दीड वाजता बायकांच्या कार्यक्रमात 'दातारांच्या घरी' ही श्रुतिका लागायची. सोमवार ते शुक्रवार, रोज पंधरा मिनिटं. दातारांचं शेंडेफळ नंदू, तो कालिंदीच्या गळ्यातून बोलायचा. चाळीला एवढंच ठाऊक होतं की खांबेटेवहिनी रेडिओच्या हापिसात टायपिंगला जातात.

काल शनिवारी निर्माते शामराव यांनी तिला बोलावून घेतलं होतं. त्यांच्या टेबलावर एक पोस्टकार्ड होतं. जांभळी शाई, वरचा 'श्री' कार्डाच्या कडेपर्यंत शेपटी ओढून काढलेला. कालिंदीनं ते अक्षर दुरूनच ओळखलं. घरातल्या वाण्याच्या यादीपासून ललिताच्या पत्रिकेपर्यंत सगळं त्याच अक्षरात होतं.

'स.न.वि.वि. शके १८७४च्या श्रावणात आपले येथील चि. नंदू यांस सहावे चालू असल्याचे त्यांच्या मातोश्रींच्या तोंडून ऐकले. त्या हिशेबाने आज त्यांस बारावे सरत आले. मौंजीबंधन आठव्या वर्षी व्हावे असे शास्त्र आहे. तसेच चिरंजीव पाच वर्षे मराठी तिसरीतच आहेत, ही शाळा कोणती ते कळावे. दातार मंडळी सुशिक्षित असता असे व्हावे, याचे वाईट वाटते.' खाली सही: 'एक हितचिंतक वृद्ध श्रोता.'

"बघा खांबेटेबाई, लोक किती बारकाईनं ऐकतात!" शामराव अगदी खूश झाले होते. मुंजीबद्दलची पत्रं याआधीही येत होती, पण कुणी असा चोख हिशेब मांडला नव्हता. शिवाय लेखकाकडचे विषय गेल्या दिवाळीतच आटले होते. नंदूचा गोवर, नंदूचा पतंग, नंदूची देवळात हरवलेली चप्पल, सगळं दोन-दोनदा होऊन गेलं होतं. तेव्हा ठरलं. वैशाखात मुंज, दणक्यात, चांगली आठवडाभर. आणि मुंज झाली की नंदू नाशकाला मामाकडे, इंग्रजी शाळेत.

"म्हणजे पुढे?" कालिंदीनं विचारलं होतं.

"पुढे तो नाशकाला. पत्रं येतील त्याची अधूनमधून. वाचून दाखवू." मग शामरावांच्या लक्षात आलं, समोर कोण उभं आहे ते. "तुमच्यासाठी आजी आहे ना बाई. गावाहून येणारी. महिन्यातनं दोनदा."

हे पत्र माझ्या सासऱ्यांचं आहे, असं कालिंदी म्हणाली नाही. म्हणणार तरी कसं?

"दुसरं पत्र टाका," चिंतामणी अप्पांना म्हणाला. "आत्ताच्या आत्ता. लिहा, की हिशेबात चूक झाली."

"माझ्या हिशेबात?" अप्पा खिडकीपासून वळले. सदतीस वर्षं त्यांनी मुलांना त्रैराशिकं शिकवली होती. "आणि शास्त्र म्हणजे काय घराचा पत्ता आहे, बदलला म्हणून कळवायला?"

"अप्पा," ललिता म्हणाली, "तुम्हांला कळत कसं नाही? मुंज झाली की आईचं काम संपलं."

"संपेल कसं? मुंज झाली की मुलगा घरातून जातो होय? उलट आता संध्या शिकेल, पंधरा दिवस तीच ऐकवतील. अर्घ्यं कशी द्यायची ते..." बोलता बोलता अप्पा थांबले. "जाणार आहे का तो?"

"नाशकाला," चिंतामणी म्हणाला.

अप्पांना हे खरोखरच सुचलं नव्हतं. ते खिडकीतल्या खुर्चीवर बसले. मग म्हणाले, "नाशिकची हवा बरी आहे तशी."

"पोळ्या झाल्या," कालिंदी म्हणाली. "बसून घ्या."

कालिंदी दादरची. पाच बहिणींतली चौथी, आणि आवाज असा की बघायला आलेल्या मंडळींतल्या एका आत्यांनी सगळ्यांदेखत विचारलं होतं, "मुलगी बोलते आहे, का पडद्याआडून तिचा भाऊ?" तीच मंडळी खांबेट्यांची. आवाज सोडला तर बाकी नाव ठेवायला जागा नव्हती, म्हणून लग्न झालं. सासरी ती हळू बोलायला शिकली. ललिता झाली, पुढे काही झालं नाही. सासूबाई गेल्या. बावन्न साली महिला मंडळाच्या हळदीकुंकवाला एक प्रहसन बसवलं, त्यात शाळा बुडवणाऱ्या मुलाचं काम ऐन वेळी कुणी करीना म्हणून तिच्या गळ्यात पडलं. शामराव तिथे कुणाचे तरी पाहुणे म्हणून आले होते. दुसऱ्या आठवड्यात बोलावणं आलं.

चिंतामणी विमा कंपनीत कारकून होता आणि माणूस वाईट नव्हता. त्यानं एकच अट घातली: नाव सांगायचं नाही, आणि चाळीत कळता कामा नये. ललिता तेव्हा बारा वर्षांची होती. आज ना उद्या तिला स्थळं बघायची होती, आणि नाटकात कामं करणाऱ्या बाईची मुलगी म्हटल्यावर लोक काय बोलतील ते बोलतील. शामरावांना हे आयतंच पथ्यावर पडलं. नंदूचं काम कोण करतं ते लोकांना कळूच नये, अशी त्यांचीही इच्छा होती. रोज श्रुतिका संपली की निवेदिका सगळ्यांची नावं वाचायची, आई कोण, वडील कोण, शेजारचे तात्या कोण, आणि शेवटी हसून म्हणायची, "आणि नंदू."

ठाकूरद्वाराहून ट्रामनं धोबीतलाव, तिथून चालत चर्चगेट. स्टुडिओत शिरण्याआधी हातातल्या बांगड्या खरं तर काढायला हव्यात, कारण माइकला बांगडी लगेच ऐकू येते. पण काचेच्या बांगड्या रोज काढता-घालता येत नाहीत, फुटतात, आणि फुटलेल्या बांगड्यांवरून घरात काय काय ऐकावं लागतं ते सांगायला नको. म्हणून ती रुमालानं बांगड्यांसकट मनगटं गच्च बांधून घ्यायची, दोन्ही हातांना दोन रुमाल, भाजल्यासारखे. चवड्यांवर उभं राहायचं, हनुवटी वर करायची आणि माइकशी वर तोंड करून बोलायचं. लहान मूल नेहमी वर बघून बोलतं. वाचून झालेलं पान सतरंजीवर अलगद सोडायचं, फडफडता कामा नये. एवढं सगळं करून नंदूनं विचारायचं, "आई गं, आज शिरा का नाही केलास?"

आणि पथ्य. चिंच नाही, ताक नाही, लोणचं नाही, माठातलं पाणी नाही, श्रीखंड तर नाहीच. तोंडात सदा खडीसाखर नाहीतर ज्येष्ठमध. चाळीत उन्हाळ्यात पन्ह्याचे पेले फिरायचे, तेव्हा खांबेटेवहिनी म्हणायच्या, मला सोसत नाही. बायका म्हणायच्या, काय ही नाजूक.

छप्पन्न सालच्या जानेवारीत गिरगावात गोळीबार झाले, संचारबंदी लागली, तेव्हाही ती गेली होती. श्रुतिका त्या वेळच्या त्या वेळी बोलायची असायची, माणूस आलं नाही तर पात्र मुकं. चिंतामणी अर्ध्या वाटेपर्यंत सोडायला आला होता. कुठे दगड पडलेले, कुठे चपला पडलेल्या, एका पायाच्याच. अश्रुधुरानं तिचे डोळे सुजले होते. दीड वाजता ती चवड्यांवर उभी राहिली आणि मांजराच्या पिलाला काय नाव ठेवायचं यावरून पंधरा मिनिटं हट्ट करून आली. त्या संध्याकाळी चाळीतली पोरं ओरडत होती की हा सरकारचा रेडिओ फोडून टाकला पाहिजे, मुंबई देत नाहीत आणि वर गाणी ऐकवतात. तळमजल्यावरचे नाना म्हणाले, "फोडा खुशाल. पण उद्या पावणेदोननंतर. त्या पोरानं मांजराचं नाव काय ठेवलं ते कळू दे."

रेडिओ फुटला नाही. आता तीन वर्षं झाली, मोर्चे निघत होते, शिवाजी पार्कला सभा होत होत्या, अप्पा छत्री घेऊन प्रत्येक मोर्चाला जात होते, आणि दीडच्या आत परत येत होते.

अप्पांचं एक होतं. घरात ते कालिंदीशी कामापुरतं बोलत. पाणी दे, चष्मा कुठे आहे, आज चतुर्थी आहे का. पण दीड वाजता रेडिओपुढे पाट टाकून बसत आणि नंदूनं पाढा चुकवला तर मोठ्यानं म्हणत, "अरे सतरा साते किती? बोल!" संध्याकाळी कालिंदी घरी आली की विचारत, "आज आई त्याला फार रागावली का गं?" तो आवाज कुणाचा आहे हे त्यांना माहीत नव्हतं असं नाही. त्यांना नातू नव्हता, एवढंच.

सुरुवातीची तीन-चार वर्षं कालिंदीला काम आवडायचं. मग ते नुसतं काम झालं. सकाळचा स्वयंपाक, ट्राम, रुमाल, चवडे, ट्राम, रात्रीचा स्वयंपाक. गेल्या थंडीपासून वरचा सूर लावताना घशात काहीतरी चिकटायला लागलं होतं. एकदा नंदूनं आनंदानं ओरडायचं होतं, तिथे तिनं ते वाक्य कानात सांगितल्यासारखं कुजबुजून काढलं. शामराव म्हणाले, "वा, वेगळंच केलंत." तिनं ते कुणाला सांगितलं नाही. रोज संध्याकाळी मिठाच्या गुळण्या केल्या. कारण थकली होती तरी एक गोष्ट तिला पक्की कळत होती: नंदू गेला की तिच्याकडे काही उरणार नव्हतं. आठ वर्षांच्या मुलानंतर त्यांनी तिला दिली ती एकदम सत्तरीची म्हातारी. मधल्या वयाची बाई तिच्याकडे कधी कुणी मागितलीच नव्हती. नंदूच्या आईचं काम कौसल्या करायची, ती तीस वर्षांची होती.

मुंज होणार हे रेडिओवर सांगितलं मात्र, आणि पत्रांचा पाऊस पडला. सांताक्रूझच्या एका बाईंनी लंगोट शिवून पाठवला. कुणी विचारलं, घेरा ठेवणार का नुसती शेंडी. काळाचौकीच्या एका गिरणीकामगारानं लिहिलं, आमच्यात मुंज करत नाहीत, पण पोराला आमचा आशीर्वाद सांगा. आणि केळवणांची आमंत्रणं. मुंजीच्या मुलाला आधी घरोघर गोड जेवायला बोलावतात, तसं नंदूला निम्म्या मुंबईनं बोलावलं.

समोरच्या खोलीतल्या कमलाबाई एके दिवशी सकाळी झाकलेली वाटी घेऊन दारात उभ्या राहिल्या. मालवणकडच्या, तोंडानं फटकळ, मनानं मऊ.

"ह्यां त्या झिलाक पोचव गो," त्या म्हणाल्या. "तुझ्या हापिसातच येतो ना तो?"

"कोण?"

"नंदू! आणि कोण! केळवण त्याचं. श्रीखंड आहे, घरी टांगलेला चक्का. तू टायपिंग करत असशील, पण जाता येता दिसत असेल की तो."

"दिसतो कधीकधी," कालिंदी म्हणाली.

"कसा आहे गो दिसायला? गोरा?"

कालिंदीनं जरा विचार केला. "दमलेला असतो," ती म्हणाली.

"असणारच. शाळा करून रेडिओ म्हणजे काय. आईबापांना हाव, दुसरं काय." कमलाबाईंनी वाटी तिच्या हातात दिली. "त्याच्यासमोर बसून खायला घाल. त्या कौसल्येच्या हातात देऊ नको, ती स्वतः खाईल."

वाटी सांभाळत कालिंदी ट्राममध्ये उभी राहिली. स्टुडिओत तिनं ती टेबलावर ठेवली आणि सांगितलं, नंदूचं केळवण आहे. सगळे हसले. आवाज काढणारा धोंडू, जो दारं वाजवायचा आणि वाळूत पावलं उमटवायचा, त्यानं आणि कौसल्येनं मिळून वाटी पुसून संपवली. कालिंदीला श्रीखंड वर्ज्य होतं. तिनं खडीसाखर तोंडात टाकली आणि मनगटांना रुमाल बांधले.

मुंजीच्या दिवशी अप्पा पहाटे उठले. रेशमी मुकटा नेसले. कालिंदी निघाली तेव्हा त्यांनी तिला दारात थांबवलं.

"भिक्षा मागताना पहिली आईकडे," ते म्हणाले. "आणि 'भवति' आधी. 'भवति भिक्षां देहि'. मध्ये किंवा शेवटी नाही. त्यांना सांग."

"लिहिलंय अप्पा बरोबर."

"आणि मातृभोजन गाळू नका म्हणावं. हल्ली लोक गाळतात."

मातृभोजन गाळलं नव्हतं. मुंज लागण्याआधी मुलगा आईच्या ताटात शेवटचा जेवतो, पुन्हा तसं जेवायचं नाही, तो भाग लेखकानं चांगला चार पानं लिहिला होता. तोंडात घास आहे असं वाटावं म्हणून कालिंदीनं गालात पेढा धरला होता. कौसल्या, तिच्याहून तेरा वर्षांनी लहान, माइकच्या पलीकडे उभी राहून डोळे पुसत म्हणत होती, "खा रे माझ्या राजा, आता पुन्हा माझ्या ताटात बसशील का?" कालिंदीला रडायला परवानगी नव्हती. रडलं की आवाज जड होतो आणि मग तो मुलाचा राहत नाही. तिनं पेढा गिळला. धोंडू करवंटीवर वस्तरा घासत होता, नंदूचे केस चालले होते. तबकडीवर मंगलाष्टकं लागली. ती चवड्यांवर चढली.

"ॐ भवति भिक्षां..." आणि 'देहि'वर आवाज फुटला. वर चढला, तिथे चिरकला, आणि खाली आला तो जाड, घोगरा, कुणाचाच नसल्यासारखा. काचेपलीकडे शामराव उठून उभे राहिले. कौसल्येनं पानावरून नजर उचलून तिच्याकडे पाहिलं. कालिंदीनं एक श्वास घेतला आणि दुसऱ्यांदा मागितलं. पुन्हा फुटला. तिसऱ्यांदा ती सरळ खालच्या सुरात म्हणाली, आणि मुंज पार पडली.

रुमाल सोडून तिनं घड्या घातल्या. कुणाशी बोलायला थांबली नाही. ट्राममध्ये बसायला जागा मिळाली.

सोमवारी नंदू नाशकाला गेला. दीड वाजता अप्पांनी रेडिओ लावला, दातारांच्या घरी सगळे नंदूची आठवण काढत होते, आणि नंदू आतल्या खोलीत चटईवर आडवा झाला होता. कालिंदीला वाटलं होतं झोप येणार नाही. ती एकदम चारला जागी झाली, गालावर चटईच्या काड्यांचे वळ. मंगळवारीही तसंच. बुधवारी तिनं आमसुलाऐवजी चिंचेची आमटी केली आणि दोन वाट्या प्यायली. गुरुवारी कमलाबाईंकडे जाऊन ताक मागून आणलं. ललितानं विचारलं, "आई, बरी आहेस ना?" कालिंदी म्हणाली, "हो." आणि तिच्या ध्यानात आलं की ते 'हो' घोगऱ्या आवाजात आलं होतं, आणि त्याचं आता काहीच बिघडत नव्हतं.

वाईट वाटत होतं. संध्याकाळी जास्त. गॅलरीत बायका जमून म्हणत, नंदूशिवाय त्या घरात राम नाही, तेव्हा तिला आत जावंसं वाटायचं, आणि बाहेर थांबावंसंही वाटायचं.

दुसऱ्या आठवड्यातल्या शनिवारी शामरावांचा माणूस चिठ्ठी घेऊन आला. ताबडतोब भेटून जा. चिठ्ठी चिंतामणीनं आधी वाचली.

शामरावांच्या टेबलावर पत्रांचे गठ्ठे होते. "बाई, बसा. काय केलंत हो तुम्ही! अहो, आवाज फुटला म्हणून मी तिकडे कपाळाला हात लावला, आणि इकडे बघा." त्यांनी एकेक पत्र तिच्यापुढे सरकवलं. 'पोर वयात आलं हो, ऐकताना अंगावर काटा आला.' 'माझ्या मोठ्याचाही त्याच वयात असाच फुटला होता.' 'भिक्षा मागताना तो आवाज फुटला तिथे आमच्या घरात सगळ्या रडल्या.' "याला म्हणतात अभिनय. मी सांगितलं नव्हतं, लेखकानं लिहिलं नव्हतं. तुम्ही आपणहून केलंत."

"मी केलं नाही," कालिंदी म्हणाली.

"हा तुमचा विनय. ऐका. नंदू परत येतो. नाशकात करमेना म्हणून. बाराव्या वर्षातला नंदू. आवाज असाच, कधी वर, कधी खाली. चार-पाच वर्षं आरामात निघतील. तिथेच फोडायचा, जिथे रडू यायला हवं."

"नाही फुटला तर?"

"फोडायचा. तुम्हांला काय अवघड आहे?"

कालिंदीनं मनाशी हिशेब केला. पाच वर्षं. अठ्ठेचाळीस. खरा फुटला तर वा म्हणतील, नाही फुटला तर खोटा फोडायचा. जे कळू नये म्हणून तिनं थंडीपासून गुळण्या केल्या, तेच आता रोज दीड वाजता करून दाखवायचं.

"आजीचं काम?" तिनं विचारलं.

"आजी कोण ऐकतंय बाई? आजी कुणीही करील."

ती उठली. त्यांना जे सांगायचं ते सांगितलं. शामरावांना आधी ऐकू आलं नाही असं वाटलं, म्हणून पुन्हा सांगितलं.

ती घरी पोचली तेव्हा पाच वाजले होते आणि घरात सगळं ठरलेलं होतं. शनिवार म्हणून चिंतामणी लवकर आला होता, आणि त्यानं चहा स्वतः टाकला होता, म्हणजे खूश होता.

"नंदूच परत आणणार ना? मी म्हटलंच होतं," तो म्हणाला. "बघ, नाव मात्र अजूनही सांगायचं नाही. ललिताच्या त्या डोंबिवलीच्या स्थळाचं अजून नक्की नाही."

"बाबा, मी सांगते ना, मला ते स्थळ नकोच आहे," ललिता म्हणाली. "आई, तू या वेळी नाव लावूनच घे. बारा वर्षांच्या मुलाचं काम बाईनं करायचं म्हणजे काय सोपं आहे?"

"नाव लागलं तर तो नंदू राहील का?" चिंतामणी म्हणाला. "डोकं वापर जरा."

अप्पा पाटावर बसले होते. त्यांच्या मांडीवर कोरं पोस्टकार्ड आणि जांभळ्या शाईची दौत होती. "शास्त्राची अडचण काहीच नाही," ते म्हणाले. "सोडमुंज होईपर्यंत मुलगा गुरुगृही हवा, हे खरं. पण प्रकृती बरी नसेल तर आणता येतं घरी. तापाबिपाचं निमित्त दाखवा म्हणून लिहितो आहे. केव्हापासून येतो गं तो? सोमवारपासून?"

कालिंदीनं पिशवी खुंटीला लावली. पाय धुतले. पदराला हात पुसत ती आतल्या खोलीच्या दारात येऊन उभी राहिली. तिघंही तिच्याकडे बघत होते.

"येत नाही तो," ती म्हणाली. "मी शामरावांना नाही म्हणून सांगून आले. नंदूही नाही आणि आजीही नाही."

"अगं पण का?" चिंतामणी म्हणाला. "आणि काय करणार आहेस मग तू?"

"दुपारी झोपणार आहे," कालिंदी म्हणाली. "दीड ते चार. रेडिओ लावायचा असेल तर हळू लावा."